आज कुठली वाट मोकळी?

माझं दुकान मुरबाडला तहसील कचेरीच्या समोर आहे. टायपिंग, झेरॉक्स, अर्ज भरून मिळतील. इतकी वर्षं झाली, की माणूस पायरी चढला तरी मला चेहऱ्यावरून कळतं : ह्याला सात-बारा हवाय, ह्याला उत्पन्नाचा दाखला, आणि ह्याचं भावाशी वाजलंय. सुभेदार पहिल्यांदा आले तेव्हा मात्र माझा अंदाज सपशेल चुकला. मला वाटलं, पेन्शनचं काहीतरी असणार. त्यांनी पिशवीतून चार घड्यांचा कागद काढला, माझ्या टेबलावर तळहातानं सपाट केला आणि म्हणाले, "पोरी, एका राजदूताला पत्र लिवायचंय."

"कुणाला?"

"राजदूताला. दिल्लीत असतो. पत्ता आणलाय मी."

माझ्यापुढं आठ गिऱ्हाईकं उभी होती, लाईट जाऊन नुकती आली होती, आणि हा म्हातारा दिल्लीला निघालेला. दुसरा कुणी असता तर मी सरळ वाटेला लावला असता. पण सुभेदार माझ्या माहेरचे. धसईच्या पुढं तीन किलोमीटरवर आमचं गाव. आम्ही वरच्या आळीतले शेतकरी, ते ओढ्यापलीकडच्या बौद्धवाडीतले. नाव काशीनाथ. खरं तर ते हवालदार म्हणून निवृत्त झाले, पण गावानं त्यांना परस्पर बढती देऊन टाकली. "सरकारनं नाय केला, आमी केला," असं माझा भाऊ बाळाराम म्हणायचा. त्यामुळं मी म्हटलं, "बसा काका, ह्यांचं उरकते."

बसा म्हटलं तरी ते लगेच बसत नसत. आधी खुर्ची पुढं ओढायचे, खाली वाकून बघायचे, मागं बघायचे, मग बसायचे. चहाचा कप हातात दिला तर आधी टेबलावर ठेवायचे आणि मग स्वतः उचलायचे. सैन्यात त्यांचं काम पूल बांधायचं, रस्ते करायचं, आणि जमिनीत सुरुंग पेरायचं आणि काढायचं. पेरायला चार दिवस आणि काढायला चार वर्षं, असं ते सांगत. त्यांचं एक ठरलेलं वाक्य होतं : "लढाई संपली हे माणसांना कळतं गो. सुरुंगाला कोण सांगणार?" हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलंय, की ते अर्धं म्हणायचे आणि अर्धं मीच पुरं करायचे. त्यांना राग यायचा नाही.

तर ते पत्र. माणसाच्या पायाखाली फुटणारे सुरुंग कुणी बनवायचे नाहीत, साठवायचे नाहीत, पेरायचे नाहीत, असा जगातल्या बहुतेक देशांनी मिळून एक करार केलाय, हे मला सुभेदारांकडून कळलं. आपली त्यावर सही नाही. पलीकडच्यांचीही नाही. जे सगळ्यात दांडगे, त्यांचीही नाही. "आपली नाय याचं मला वाईट वाटतं, पण ते घरचं दुखणं," असं ते म्हणत. "ज्यांनी सही केलती तेच आता एकेक करून उठून चाललेत, त्याचं काय?" उत्तरेकडच्या एका बर्फाच्या देशानं करारातून अंग काढून घ्यायचं ठरवलं, अशी चार ओळींची बातमी त्यांनी पेपरात लाल पेन्सिलीनं चौकट करून आणली होती. तिसऱ्या पानावर, एका लग्नाच्या हॉलच्या जाहिरातीच्या खाली.

मी टाइप केलं. मायना त्यांनीच सांगितला : "मा. राजदूतसाहेब, सप्रेम जयभीम. आपल्या देशाने दिलेला शब्द परत घेतल्याचे वाचले. आपला शेजारी दांडगा आहे आणि तो शब्द पाळत नाही, हे मला मान्य आहे. पण सुरुंग शेजाऱ्याला ओळखत नाही. तो फक्त वजन ओळखतो." मी म्हटलं, काका, इंग्रजीत करून देऊ का, मोबाइल करतो. तर म्हणाले, "कशाला? त्यांच्याकडं माणसं असतात वाचायला. नाय वाचलं तर इंग्रजी तरी कुठं वाचणार हायेत?" तीन झेरॉक्स काढायला लावल्या. एक राजदूताला, एक आपल्या सरकारला, एक त्यांच्या ट्रंकेला.

अशी पत्रं मी किती टाइप केली असतील, देव जाणे. उत्तर एकदाच आलं. जाड पाकीट, आत नवीन वर्षाचं शुभेच्छापत्र, त्यावर बर्फात उभं लाल छपराचं घर. पत्राविषयी चकार शब्द नाही. मी हसले तर म्हणाले, "हसू नको गो. पत्ता तरी बरोबर हाय हे कळलं ना?" आणि ते पत्र त्यांनी घरी बाबासाहेबांच्या तसबिरीखाली खिळ्याला लावलं.

हा सगळा उद्योग का, हे मी त्यांना एकदा स्पष्टच विचारलं. कारण सुभेदारांचे दोन्ही पाय शाबूत, हात शाबूत, म्हणजे सूड नाही की काही नाही. तेव्हा त्यांनी सांगितलं. सीमेवर तणाव वाढला होता तेव्हा त्यांच्या तुकडीनं पिकाच्या शेतांत सुरुंग पेरले. लढाई झालीच नाही. मग काढायची वेळ आली. नकाशा होता, नोंद होती, तरी एका पट्ट्यात तीन कमी भरले. पाटाच्या पाण्यानं सरकले असतील, नाहीतर नोंदच चुकली असेल. वरच्यांनी रीतसर तो पट्टा बंद ठेवला, कुंपण घातलं. त्या कुंपणाशी एक म्हातारा शेतकरी रोज येऊन उभा राहायचा. त्याचंच शेत आत होतं. तो विचारायचा, कधी मिळणार? सुभेदार सांगायचे, पुढल्या सालाला. "मग माझी बदली झाली," ते म्हणाले. "त्याला शेत मिळालं का नाय, मला ठाऊक नाय. पुढल्या सालाला म्हणालो मी. कशाच्या जीवावर म्हणालो?"

शहापूरच्या एका शाळेनं त्यांना सव्वीस जानेवारीला भाषणाला बोलावलं होतं. माझ्या नणंदेची मुलगी तिथं शिक्षिका, म्हणून मीच नाव सुचवलं आणि पस्तावले. शौर्याच्या गोष्टीची तयारी करून सगळे बसलेले. एका मुलीनं उठून विचारलं, "तुम्ही शत्रूचे किती जण मारले?" सुभेदार म्हणाले, "बाळा, मला नाय सांगता यायचं. मी पेरून निघून आलो. नंतर तिथं कुणाचा पाय पडला, ते बघायला मी नव्हतो. गाय असल. गवताला आलेली बाई असल." मग मुख्याध्यापकांनी घाईघाईनं टाळ्या सुरू केल्या आणि शाल घातली. परतीच्या गाडीत ते मला म्हणाले, "चांगली विचारती पोर होती." मी मात्र शहापूर सुटेपर्यंत त्यांच्याशी बोलले नाही.

आता गावाचं सांगते. आमच्याकडं भात दुधात आलं की जंगलातून डुकरं उतरतात. एका रात्रीत शेत नांगरल्यागत करून जातात. त्यासाठी काही लोक गोळे ठेवतात. खायच्या वस्तूत फटाक्यातली दारू भरलेला गोळा, डुकराच्या वाटेवर संध्याकाळी ठेवायचा, सकाळी उचलायचा. डुकरानं चावला की जबडा उडतो; पाय दाबून पडला तरी फुटतो. बेकायदा आहे, सगळ्यांना ठाऊक आहे, आणि सगळ्यांना हेही ठाऊक आहे की कोण ठेवतं. माझा भाऊ बाळाराम ठेवायचा. लपवून काय करू?

एका वर्षी गोळा चावला तो एका म्हशीनं. तीन दिवस ती खुंट्याला उभी होती, पाणी पिता येत नव्हतं, ओरडता येत नव्हतं. सुभेदार तीनही दिवस तिच्यापाशी बसून होते. चौथ्या दिवशी ते गावकीत गेले. आमच्याकडं गावकी देवीच्या देवळात बसते आणि तिथं ओढ्यापलीकडच्यांना बोलवायची पूर्वीपासून रीत नाही. लाज वाटते सांगायला, पण नाही. सुभेदार युनिफॉर्म घालून गेले, सगळी पदकं लावून, आणि पायरीखाली उभे राहिले. "वर या" असं कुणीतरी अर्ध्या आवाजात म्हणालं. ते खालूनच बोलले.

"जगात करार झाला तो असाच झाला," त्यांनी सांगितलं. "आधी चार जण बसले. कायद्याच्या आधी शब्द येतो. तुमी शब्द द्या. आपल्या गावात कुणी गोळा ठेवायचा नाय."

म्हशीचा मालक रडत होता. त्या भरात सगळ्यांनी देवीपुढं नारळ ठेवला आणि शब्द दिला. पहिला हात बाळारामनं लावला. सुभेदारांना कुणीतरी म्हटलं, तुमीपण लावा हात. ते म्हणाले, "मी पंचशील घेतलेलं हाय. जीव घ्यायचा नाय, हे मी रोजच म्हणतो." दुसऱ्या दिवशी ते दुकानात आले तेव्हा पेढे घेऊन आले होते. त्यांच्या हातात मिठाईचा पुडा मी त्या आधी कधी पाहिला नव्हता, नंतरही नाही.

एक हंगाम शब्द टिकला. माझा विश्वास बसत नव्हता, पण टिकला. दुसऱ्या हंगामात काय झालं, तर शेजारच्या गावानं शब्द दिलेला नव्हता. तिकडं गोळे, म्हणून तिकडची डुकरं शहाणी होऊन आमच्या गावात. बाळारामचं अर्धं शेत गेलं. तो सुभेदारांच्या दारात जाऊन उभा राहिला. "पलीकडचे ठेवतात आणि आमीच काय हात बांधून बसायचं? त्यांना आणा आधी देवळात, मंग आमाला शिकवा."

सुभेदार शेजारच्या गावात गेले. तिथं त्यांना पायरीपर्यंतही जाऊ दिलं नाही. परत येऊन ते मला म्हणाले, "बाळाराम जे बोलला ना, ते शब्दाशब्दानं त्या बर्फाच्या देशाचं बोलणं हाय. आता मी कुणाला पत्र लिवू? तुझ्या भावाला?"

"लिहा," मी म्हटलं. "मी फुकट टाइप करीन."

ते हसले नाहीत. आणि मग त्यांनी ती गोष्ट केली. मी त्यांना तेव्हाच अडवायला हवं होतं, पण मलाही ती शहाणपणाची वाटली. ते गावात गेले आणि ठेवणाऱ्यांना एकेकाला गाठून म्हणाले, "ठेवणारच असाल तर मला सांगून ठेवा. कुठं ठेवला, किती ठेवले. सकाळी किती उचलले तेपण सांगा. बायका गवताला जातात, त्यांना निदान कळू दे." नाहीपेक्षा अर्धं बरं, असा त्यांचा हिशोब. त्यांनी गावाच्या शेतांचा नकाशा काढला. काय सुरेख नकाशा! एकेक बांध, एकेक झाड, ओढ्याचं वळण. मी त्याची मोठी झेरॉक्स काढून दिली. त्यावर ते लाल पेन्सिलीनं खुणा करायचे आणि वही लिहायचे.

झालं भलतंच. आधी पाच-सहा जण ठेवत होते, चोरून, मनात भीती धरून. आता पंधरा जण ठेवायला लागले. "सुभेदाराच्या वहीत लिवलंय ना, मंग झालं," असं उघड बोलायला लागले. ज्याला बंदी करायची होती त्याच्याच हातून परवाना मिळाल्यासारखं झालं. मी त्यांना हे तोंडावर सांगितलं. ते म्हणाले, "कळतंय मला. पण वही बंद केली तर हे ठेवायचं बंद करतील काय? फक्त मला कळायचं बंद होईल."

माझी वहिनी मंजुळा, बाळारामची बायको, हिचा त्या वहीवर फार विश्वास. रोज सकाळी विळा आणि दोर घेऊन निघाली की ती सुभेदारांच्या अंगणापाशी थांबायची आणि हाक मारायची, "भाऊजी, आज कुठली वाट मोकळी?" ते नकाशा बघायचे, चष्मा पुसून पुन्हा बघायचे आणि सांगायचे. त्या वाटेनं ती जायची, मागून आळीतल्या बाकीच्या बायका.

आश्विनातली गोष्ट. बाळारामनं वरच्या बांधावर चार गोळे ठेवले, वहीत सांगितलं. सकाळी तीनच मिळाले. हेही त्यानं प्रामाणिकपणे येऊन सांगितलं, ह्यात मी त्याला दोष देणार नाही. सुभेदारांनी वरचा बांध लाल केला. आठ दिवस तिकडं कुणी फिरकायचं नाही म्हणाले. ओढ्याला पाणी किती आहे तेही बघून आले, कारण पाण्यानं वस्तू सरकते हे त्यांना ठाऊक होतं. पाणी नव्हतंच. मग मंजुळानं विचारलं, आज कुठली वाट मोकळी? आणि ते म्हणाले, "ओढ्याकडची."

गोळा कुत्र्यानं तोंडात धरून नेला होता. खायच्या वासानं उचलला असणार, आणि कुठंतरी दचकून टाकून दिला असणार, ओढ्याच्या काठी, गवतात. मंजुळानं मूठभर गवत धरलं आणि विळा मारला.

उजव्या हाताची तीन बोटं गेली. एका डोळ्याला आता नुसता उजेड कळतो. मी मुरबाडच्या दवाखान्यात पोहोचले तेव्हा सुभेदार बाहेरच्या बाकड्यावर बसले होते. न बघता बसले होते, बाकड्याखाली, मागं काही न बघता. आत बाळारामनं डॉक्टरांना सांगितलं, फटाका फुटला. दिवाळी जवळ आलेली, चालून गेलं. सुभेदार उठले. म्हणाले, "मी पोलिसांत जातो. खरं काय ते सांगतो. वही हाय माझ्याकडं, सगळी नावं हायेत." तेव्हा आतून मंजुळाचा आवाज आला. तोंडाला पट्ट्या, तरी आवाज आला.

"भाऊजी, तोंड उघडू नका. हे आत गेले तर शेत कोण बघल? माझा हात असा. तुमच्या पाया पडते."

त्यांनी माझ्याकडं पाहिलं. मी काय बोलायला हवं होतं ते मला आजही माहीत आहे. पण तो माझा सख्खा भाऊ. मी मान खाली घातली. सुभेदार परत बाकड्यावर बसले.

गावकी पुन्हा बसली. मला वाटलं आता तरी. पण तिथं ठरलं ते असं, की सुभेदारांची वही चांगलीच आहे, फक्त आता कुत्र्यांचा बंदोबस्त करायला हवा. कुणी त्यांना दोष दिला नाही. दिला असता तर बरं झालं असतं, असं मला वाटतं. उलट म्हणाले, तुमी होता म्हणून एवढ्यावर निभावलं.

त्यानंतर ते एकदाच दुकानात आले. आणखी एका देशानं करार सोडल्याची बातमी आली होती. मीच पेपरातून कापून ठेवली होती, म्हटलं, म्हाताऱ्याला काहीतरी काम मिळेल. मी कॉम्प्युटर चालू केला, मायनाही टाइप केला. मा. राजदूतसाहेब, सप्रेम जयभीम.

"सांगा," मी म्हटलं.

"कंच्या तोंडानं सांगू गो?" ते म्हणाले. "त्यांना काय लिवू, शब्द पाळा? मी पंधरा जणांना नकाशा काढून दिला. पाण्यानं जातो हे मला ठाऊक होतं. कुत्र्याच्या तोंडानं जातो हे त्या म्हशीच्या मालकानंसुद्धा सांगितलं असतं, मी त्याला विचारलं नाय. मला वाटलं, मला येतं."

"काका, तुम्ही नसता तर—"

"तर ती तिच्या अकलेनं गेली असती," ते म्हणाले. "वरच्या बांधानं गेली असती. तिथं काय नव्हतं."

मी मायना पुसून टाकला. त्यांनी कात्रण घडी करून माझ्याच टेबलावर ठेवलं आणि पायरी उतरून गेले. वही त्यांनी जाळली, असं नंतर बाळाराम म्हणाला. गोळे ठेवणं चालूच आहे. आता कुणी कुणाला सांगत नाही, एवढाच फरक.

ह्या आश्विनात मी माहेरी गेले होते. वहिनीला डाव्या हातानं भाकरी जमते की नाही ते बघायला, आणि खरं सांगायचं तर बघायला जायची लाज वाटत होती म्हणून इतके दिवस गेले नव्हते. सकाळी घरात कुणी नव्हतं. मी बांधावर आले तर समोरून बायकांची रांग चाललेली. सहा-सात जणी, विळे आणि दोर घेऊन, एकीपासून दुसरी दहा पावलं लांब. आणि सगळ्यांच्या पुढं, बरंच पुढं, सुभेदार. हातात काठी नाही, काही नाही. नकाशा नाही. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकलेला, त्यांना समोरचं झाडसुद्धा धड दिसत नसणार. ते गवतात एकेक पाऊल दाबून टाकत होते. पूर्ण वजन द्यायचे, थांबायचे, मग पुढचं.

"काका!" मी ओरडले. "अहो, दिसतं तरी का तुम्हाला काही?"

"दिसायला कशाला पायजे?" त्यांनी मागं न बघता सांगितलं. "पाय हायेत की. तू तिथंच थांब."

बायका आपसात बोलत होत्या, कुणाच्या तरी सुनेबद्दल. हसतही होत्या. रोजचंच झालं होतं त्यांना. सगळ्यात मागं मंजुळा, डाव्या हातात विळा. मी उभी होते त्या बांधापाशी ती आली.

"काल कुणी ठेवलेत?"

"कोण सांगतंय आता. सगळ्यांनीच."

"दादानंपण?"

खाली वाकून, चांगल्या डोळ्यानं बघून, सुभेदारांच्या पावलाचा ठसा तिनं शोधला आणि त्यात पाय ठेवला. मग त्याच्या पुढच्यात.